थिओफानिसच्या इतिवृत्तातली वर्षं जुळत नाहीत, आणि चार ग्रंथांत एकच गोष्ट आली तर पुरावे चार धरायचे का?

शोधयात्री

नमस्कार मंडळी. बायझंटाईन सम्राट पाचवा कॉन्स्टंटाइन (७४१ ते ७७५) आणि धार्मिक प्रतिमांवरून झालेला वाद यावर मोठा लेख लिहायला घेतला आहे. मुख्य आधार थिओफानिस या बायझंटाईन भिक्षूच्या इतिवृत्ताचा, इंग्रजी भाषांतरातून. दोन ठिकाणी गाडी अडली आहे.

पहिली अडचण वर्षांची. कॉन्स्टंटाइनचा बाप सम्राट तिसरा लिओ याने प्रतिमांविरुद्ध दरबार भरवला आणि कुलगुरू (कॉन्स्टँटिनोपलच्या चर्चचा प्रमुख) गेर्मानोसला पायउतार व्हावं लागलं, ही नोंद थिओफानिसमध्ये सृष्टिवर्ष (सृष्टीच्या आरंभापासून मोजलेलं वर्ष) ६२२१ खाली आहे. बायझंटाईन सृष्टिवर्षातून ५५०८ वजा करायचे असं वाचलं होतं. तसं केलं तर ७१३ येतं, तेव्हा लिओ गादीवरही नव्हता. त्याच नोंदीच्या डोक्यावर 'अवतारवर्ष ७२१' असं आहे. आणि आजची सगळी पुस्तकं सांगतात ७३०. यातलं खरं कुठलं आणि ते काढायचं कसं?

दुसरी अडचण अशी की पाचव्या कॉन्स्टंटाइनबद्दलच्या बऱ्याच गोष्टी थिओफानिस, जॉर्ज हामार्तोलोस, केद्रिनोस आणि झोनारास या चौघांकडेही जवळजवळ सारख्याच सापडतात. याला चार साक्षीदारांचा दुजोरा म्हणता येईल का? आणि हे सगळेच त्याचे कट्टर विरोधक असतील, तर त्यांच्यातलं काय घ्यायचं आणि काय सोडायचं?

---

कालमापक

वर्षांपुरतं मी सांगतो, बाकीचं जाणकार सांगतीलच.

तुमचं ५५०८ हे वेगळ्या संवताचं आहे. सृष्टीच्या आरंभापासून वर्षं मोजण्याच्या दोन पद्धती इथे कामाला येतात. बायझंटाईन पद्धतीत आरंभ इसवी सनापूर्वी ५५०९ मधल्या १ सप्टेंबरला, अलेक्झांड्रियन पद्धतीत इसवी सनापूर्वी ५४९२ मध्ये. थिओफानिस अलेक्झांड्रियन पद्धत वापरतो, त्याच्या आधीचा जॉर्ज सिंकेलोसही तीच. दहाव्या शतकापासून पुढचे ग्रंथ, हस्तलिखितांच्या शेवटी लेखनिकाने घातलेल्या तारखा, राजपत्रं हे सगळं साधारणपणे बायझंटाईन पद्धतीत.

रूपांतराचा नियम असा. बायझंटाईन वर्ष असेल तर सप्टेंबर ते डिसेंबरच्या घटनेसाठी ५५०९ वजा करा, जानेवारी ते ऑगस्टसाठी ५५०८. थिओफानिससाठी तेच आकडे ५४९३ आणि ५४९२. शकाचं इसवी सन करताना चैत्रापासून डिसेंबरअखेर ७८ मिळवतो आणि जानेवारीपासून फाल्गुनाअखेर ७९, तशातलाच हा प्रकार. वर्षाची सुरुवात वेगळ्या महिन्यात पडते म्हणून दोन आकडे लागतात. थिओफानिसचं पहिलं वर्ष ५७७७ आहे. त्यातून ५४९३ गेले की २८४ उरतात, म्हणजे रोमन सम्राट डायोक्लेशियनचं राज्यारोहण, तिथूनच त्याचं इतिवृत्त सुरू होतं. इथे गणित बसतं, म्हणजे चावी बरोबर आहे.

'अवतारवर्ष ७२१' कडे साफ दुर्लक्ष करा. हे अलेक्झांड्रियन हिशेबाचं ख्रिस्तवर्ष आहे, थिओफानिसच्या सृष्टिवर्षातून सरळ ५५०० वजा करून येणारं. आपल्या इसवी सनापेक्षा ते सात-आठ वर्षांनी मागे असतं. भाषांतरात ते छापलेलं दिसतं म्हणून अनेकजण तेच इसवी सन समजून लेखात घालतात.

आता ६२२१ घ्या. दरबार जानेवारीतला, म्हणून ५४९२ वजा: ७२९. तरीही ७३० आलं नाहीच. इथे थिओफानिसची सगळ्यात त्रासदायक मेख आहे. साधारण ६१०२ ते ६२०६ आणि पुन्हा ६२१८ च्या आसपासपासून ६२६५ पर्यंत त्याची सृष्टिवर्षं आणि नोंदींच्या आतली इंडिक्शनं एकमेकांशी जुळत नाहीत. सृष्टिवर्ष एकाने मागे राहतं. तुमचा पाचवा कॉन्स्टंटाइन जवळजवळ पूर्ण या दुसऱ्या पट्ट्यात सापडतो.

इंडिक्शन म्हणजे करआकारणीसाठी सुरू झालेलं पंधरा वर्षांचं चक्र. वर्ष १ सप्टेंबरला सुरू होतं. कितवं चक्र ते कुणी लिहीत नाही, फक्त चक्रातलं कितवं वर्ष ते लिहितात. काढायची रीत सोपी आहे: इसवी सनात ३ मिळवा, १५ ने भागा, बाकी उरेल ते इंडिक्शन, बाकी शून्य असेल तर १५. घटना सप्टेंबर ते डिसेंबरमधली असेल तर आधी सनात १ मिळवून घ्या. बायझंटाईन सृष्टिवर्ष हाताशी असेल तर आणखी सोपं, त्याला थेट १५ ने भागायचं. २९ मे १४५३ (कॉन्स्टँटिनोपल पडलं तो दिवस) म्हणजे सृष्टिवर्ष ६९६१, बाकी १. उलट बाजूने १४५३ अधिक ३ म्हणजे १४५६, बाकी १. दोन्ही जुळतात.

दरबाराच्या नोंदीत थिओफानिस सांगतो: ७ जानेवारी, इंडिक्शन १३, मंगळवार. ७३० अधिक ३ म्हणजे ७३३, १५ ने भागून बाकी १३. ७२९ घेतलं तर बाकी १२ येते. म्हणजे इंडिक्शन ७३० च्या बाजूने बोलतं. आता वार तपासा. ७३० मध्ये ७ जानेवारीला शनिवार होता. ७२९ मध्ये शुक्रवार. मंगळवार कुठेच नाही. पण १७ जानेवारी ७३० ला मंगळवार येतो. ग्रीक लिपीत आकडे अक्षरांनीच लिहितात: १७ साठी आयोटा आणि झीटा, ७ साठी नुसता झीटा. नकलून घेणाऱ्याच्या हातून एक बारीक उभी रेघ सुटली की १७ चे ७ होतात. शिवाय याच नोंदीत पुढे म्हटलं आहे की गेर्मानोसच्या जागी अनास्तासिओसची प्रतिष्ठापना २२ जानेवारीला झाली. १७ ला मंगळवार धरला तर २२ ला रविवार पडतो, आणि अशा धर्मविधीला रविवारच साजेसा. इंडिक्शन, वार आणि पुढची तारीख, तिन्ही एकाच जागी येऊन मिळतात. १७ जानेवारी ७३० हे उत्तर असं आलेलं आहे.

आणखी एक नोंद करून बघा, म्हणजे हात बसेल. प्रतिमांचा कैवार घेणाऱ्या भिक्षू स्टीफनचा वध ६२५७ खाली, २० नोव्हेंबर, इंडिक्शन ४. सृष्टिवर्षावरून ७६४ येतं. इंडिक्शनवरून: ७६५ अधिक १ अधिक ३ म्हणजे ७६९, बाकी ४. म्हणजे ७६५. इथेही एक वर्षाचा फरक.

पण म्हणून या पट्ट्यातल्या सगळ्या नोंदींना डोळे मिटून एक मिळवू नका. ६२५२ खाली १५ ऑगस्टच्या शुक्रवारी सूर्यग्रहण झाल्याचं तो लिहितो. गणिताने ते ग्रहण १५ ऑगस्ट ७६० चं, वार शुक्रवारच. ६२५२ वजा ५४९२ बरोबर ७६०. इथे एक मिळवलात तर चूक होईल. राजधानीतली (कॉन्स्टँटिनोपलची) माहिती एका स्रोतातून आणि सीरियाकडची दुसऱ्यातून आली आहे, दोन्हींची वर्षगणना सारखी नव्हती आणि थिओफानिसने त्या एकाच चौकटीत बसवल्या. तेव्हा प्रत्येक नोंद सुटी तपासायची. आधी इंडिक्शन, मग वार, ग्रहण किंवा भूकंप असेल तर तो, आणि वर्षाचा मथळा सगळ्यात शेवटी. नोंदीत यातलं काहीच नसेल तर लेखात '७५९-६० किंवा ७६०-६१' असं लिहा. एकच सन ठोकून देण्याइतका आधार तिथे नसतो.

---

पोथीशाळा

कालमापक यांनी वर्षांचं इतकं नीट मांडलंय की मी थेट साक्षीदारांकडे वळते.

चार नाहीत. आठव्या शतकापुरते तर दोनही पूर्ण भरत नाहीत.

थिओफानिसने ८१३ पर्यंतचा इतिहास लिहिला, ८१८ च्या सुमारास तो वारला. त्याच्याशी ताडून पाहण्यासारखा जवळचा ग्रंथ म्हणजे कुलगुरू निकिफोरोसचा संक्षिप्त इतिहास, ६०२ ते ७६९ चा. हे दोघे एकमेकांवरून लिहीत नाहीत, पण दोघांच्या हाती राजधानीतला एकच जुना ग्रंथ होता, जो आज हरवला आहे. तेव्हा दोघांचं एकमत झालं तर त्याचा अर्थ एवढाच की त्या हरवलेल्या ग्रंथात तसं होतं. दोघांत फरक पडला तर मात्र कान टवकारा, कारण तिथे दोघांपैकी कुणीतरी गाळलंय, भर घातलीय किंवा दुसरं काही वाचलंय. निकिफोरोसमध्ये ६४१ ते ६६८ एवढा काळ मुळातच नाही, हेही लक्षात असू द्या. तिथे त्याचं मौन पुरावा म्हणून वापरता येत नाही.

जॉर्ज हामार्तोलोस नवव्या शतकातला. या काळासाठी तो थिओफानिस समोर ठेवून लिहितो, त्यात शिव्याशाप आणि धर्मग्रंथांतली वचनं भरतो. केद्रिनोस अकराव्या-बाराव्या शतकातला संकलक. त्याच्यापर्यंत थिओफानिस आणि जॉर्ज मधल्या एका संकलनातून पोचतात. झोनारास बाराव्या शतकातला, १११८ पर्यंत येणारा. त्याची भाषा स्वतःची आहे, म्हणून तो स्वतंत्र वाटतो, पण आठव्या शतकात त्याच्या पाठीशी हीच परंपरा आहे. मात्र झोनारास कामाचा नाही असं समजू नका. डिओ कॅसियसच्या रोमन इतिहासाचे पहिले एकवीस खंड आपल्याला मुख्यतः झोनारासच्या सारांशातूनच कळतात. एकच लेखक एका शतकासाठी नुसती नक्कल असतो आणि दुसऱ्या शतकासाठी एकमेव आधार. तेव्हा प्रश्न 'हा इतिवृत्तकार विश्वासू आहे का' असा विचारून उपयोग नसतो. 'हा परिच्छेद याच्याकडे कुठून आला' असं विचारायचं, आणि तेही दर परिच्छेदाला नव्याने.

नक्कल ओळखायची कशी? चौघांचे उतारे शेजारी शेजारी लावा. मजकूर सारखा असणं हा कच्चा पुरावा, कारण एकाच घटनेचं वर्णन सारखं होऊ शकतं. पक्का पुरावा म्हणजे चूक सारखी असणं: तीच चुकीची तारीख, तेच बिघडलेलं गावाचं नाव. दुसरी खूण क्रमाची. एकमेकांशी संबंध नसलेल्या चार घटना (एक दुष्काळ, एक विवाह, एक धूमकेतू, एक मोहीम) दोन्हीकडे त्याच क्रमाने आल्या तर एकाने दुसऱ्यावरून किंवा दोघांनी तिसऱ्यावरून उतरवलं आहे.

खरा दुसरा साक्षीदार हवा असेल तर पूर्वेकडे बघा. एडेसाचा थिओफिलोस (मृत्यू ७८५) याने सिरियाक भाषेत लिहिलेला इतिहास हरवला, पण त्याचे धागे चार ठिकाणी सापडतात: थिओफानिस, दहाव्या शतकातला अरबी लेखक अगापिओस, बाराव्या शतकातला सीरियन मायकेल आणि १२३४ पर्यंतचं एक निनावी सिरियाक इतिवृत्त. अरबांच्या स्वाऱ्या, खलिफांचे मृत्यू, सीरियातले भूकंप यांत या तिघांशी थिओफानिस जुळला की ती थिओफिलोसची किंवा त्याच्यासारख्याच पूर्वेकडच्या ग्रंथाची माहिती समजायची. गंमत म्हणजे सीरियन मायकेलच्या परंपरेत पाचव्या कॉन्स्टंटाइनबद्दल तसला द्वेष नाही, कारण त्या लोकांचं कॉन्स्टँटिनोपलच्या चर्चशी आधीच फाटलं होतं. तुमच्या लेखाला हा तोल फार उपयोगी पडेल.

थिओफानिसमधल्या 'मी' बद्दलही जपून. ७६३-६४ च्या कडाक्याच्या हिवाळ्याची नोंद प्रसिद्ध आहे. काळ्या समुद्राचा किनारा शंभर मैल गोठला, बर्फ तीस हात जाड, फेब्रुवारीत त्याचे डोंगर फुटून बॉस्फरसमधून वाहत आले आणि एक कडा राजधानीच्या तटावर आदळला. तिथे लेखक म्हणतो की आपण स्वतः तीसेक सवंगड्यांबरोबर अशा एका हिमखंडावर चढलो होतो. आता थिओफानिसचा जन्म ७६० च्या आसपासचा, म्हणजे तो तेव्हा चारेक वर्षांचा. एवढं पोर तटाखालच्या हिमखंडावर चढेल? प्रस्तावनेत तोच सांगतो की जॉर्ज सिंकेलोसने मरताना आपलं काम आणि जमवलेली सामग्री त्याच्या हवाली केली. म्हणून हा 'मी' वयाने मोठ्या जॉर्जचा असावा, असं बऱ्याच अभ्यासकांना वाटतं आणि मलाही ते पटतं. लेखात 'थिओफानिसने डोळ्यांनी पाहिलं' असं लिहू नका. 'प्रत्यक्ष पाहणाऱ्याची नोंद थिओफानिसमध्ये आहे' एवढंच लिहा.

जाता जाता आवृत्त्यांचं. जुन्या इंग्रजी-फ्रेंच पुस्तकांतल्या तळटिपा वापरणार असाल तर काही सापळे आहेत. तिथे ८११ ते १०५७ च्या घटनांसाठी 'केद्रिनोस' असा हवाला असेल तर तो बहुतेक अकराव्या शतकातला इतिवृत्तकार स्किलिट्झीस याचा मजकूर असतो. केद्रिनोसने तो जवळजवळ शब्दशः उतरवला, आणि स्किलिट्झीसची स्वतंत्र चिकित्सक आवृत्ती १९७३ साली आली. तोवर लोक केद्रिनोसच उघडत असत. दुसरा सापळा दहाव्या शतकाचा: लिओ ग्रामाटिकोस, थिओडोसिओस मेलितेनोस आणि 'जॉर्जचा (म्हणजे हामार्तोलोसचा) पुढचा भाग' अशी तीन नावं दिसतील. ती तिन्ही सिमेऑन लोगोथेतिसच्या एकाच इतिवृत्ताची रूपं आहेत. तीन हवाले दिलेत तरी पुरावा एकच. आणि जॉर्ज हामार्तोलोससाठी १८५९ ची आवृत्ती टाळा, तिच्यात मूळ आणि नंतरची भर मिसळली आहे. १९०४ ची घ्या.

---

शोधयात्री

दोघांचेही मनापासून आभार. माझ्या टिपणांत '७६५' आणि '७६६' एकमेकांशेजारी का येत होते ते आता कळलं.

एक राहिलं. एकच हरवलेला ग्रंथ आणि तोही विरोधकाच्या हातून आलेला, तर पाचव्या कॉन्स्टंटाइनबद्दल ठामपणे काही म्हणता येतं का? आणि आकड्यांचं काय? जलवाहिनीच्या दुरुस्तीला हजारो कामगार आणल्याचा आकडा आहे, तो घ्यावा का?

---

मुद्रांकित

जलवाहिनीचा आकडा घ्या. का घ्यायचा ते सांगतो, कारण त्यातच तुमच्या मोठ्या प्रश्नाचं उत्तर आहे.

६२५८ खालची नोंद अशी: पाऊस पडेना, टाकी आणि स्नानगृहं कोरडी पडली, तेव्हा सम्राटाने ६२६ मध्ये आवार नावाच्या टोळ्यांनी तोडलेली व्हॅलेन्सची जलवाहिनी पुन्हा बांधायला घेतली. त्यासाठी आशिया आणि पोंतोसमधून १,००० गवंडी आणि २०० गिलावा करणारे, ग्रीस आणि बेटांवरून ५०० मातीकाम करणारे, थ्रेसमधून ५,००० मजूर आणि २०० वीट पाडणारे आले. बेरीज ६,९००. लेखक सम्राटाचा कट्टर वैरी आहे, तरी हा तपशील त्याने जसाच्या तसा दिला. आकडे धंद्याप्रमाणे आणि प्रांताप्रमाणे फोडलेले आहेत. कुणाला मोठं किंवा छोटं दाखवण्यासाठी असे आकडे कुणी रचत नाही, ते कुठल्यातरी सरकारी नोंदीतून खाली आलेले दिसतात. शिवाय यातून जे निष्पन्न होतं ते लेखकाच्या हेतूच्या विरुद्ध जातं: या राज्याला चारही बाजूंच्या प्रांतांतून कारागीर गोळा करता येत होते, त्यांना पोसता येत होतं आणि काम तडीस नेता येत होतं.

याच्या शेजारी १०१४ च्या क्लेइदिऑनच्या लढाईचा आकडा ठेवा. सम्राट दुसऱ्या बासिलने १५,००० बल्गेरियन कैद्यांचे डोळे काढले आणि दर शंभरांमागे एकाला एकच डोळा ठेवून वाट दाखवायला सोडलं, असं स्किलिट्झीस सांगतो. त्याच शतकातला लेखक केकाव्मेनोस याच्याकडे आकडा १४,००० आहे. स्किलिट्झीस स्वतःच 'म्हणतात' असा शब्द घालतो, आणि तो लिहितो अकराव्या शतकाच्या उत्तरार्धात. गोल आकडा, ऐकीव बातमी, कथेला शोभेल अशी शंभरात एकाची रचना, आणि एवढं सैन्य एका फटक्यात आंधळं झाल्यावरही बल्गेरियन १०१८ पर्यंत लढत राहिले. डोळे काढले हे खोटं म्हणायला कारण नाही, आकडा मात्र 'स्किलिट्झीसच्या म्हणण्याप्रमाणे' असं लिहूनच द्यावा.

विरोधकाचा मजकूर वाचताना घटना आणि तिच्यावरचा शेरा यांना आधी वेगळं करा. उत्तम उदाहरण धान्याच्या भावाचं. निकिफोरोस लिहितो की एका नोमिस्माला (सोन्याचं नाणं) ६० मोदी (धान्याचं एक माप) गहू किंवा ७० मोदी जव मिळू लागले. अजाण लोकांना ही सुबत्ता वाटली, पण सम्राटाने 'नवा मिडास' (हात लावेल त्याचं सोनं करणारा ग्रीक कथेतला राजा) होऊन सोनं दाबून ठेवल्यामुळे कर भरायला शेतकऱ्यांना माल पडेल त्या भावाने विकावा लागत होता, असं त्याचं म्हणणं. यात तीन थर आहेत. भाव पडले हा पहिला, आणि तो घ्यावा. लोक त्यावर खूश होते हा दुसरा. तो वैऱ्याच्या तोंडून नकळत बाहेर पडलाय, म्हणून तर जास्तच मोलाचा. सम्राट लोभी होता हा तिसरा, आणि तो नुसता शेरा आहे. करवसुली नाण्यांत होत होती आणि नाणी कमी होती, एवढं आर्थिक कारण त्यातूनही उरतं.

उलट जिथे भाकीत, शकुन किंवा शरीराची विटंबना येते तिथे घटना फारशी हाती लागत नाही. बाप्तिस्म्याच्या वेळी बाळाने पाणी घाण केलं आणि गेर्मानोसने 'हा चर्चवर संकट आणणार' असं भाकीत केलं, ही गोष्ट थिओफानिस देतो. 'कोप्रोनिमोस' (विष्ठेच्या नावाचा) हे कुचेष्टेचं नाव त्यावरूनच पडलं. भाकीत खरं ठरल्यानंतर लिहिलेलं आहे. या गोष्टीचा उपयोग ७१८ च्या बाप्तिस्म्यासाठी करू नका. नवव्या शतकाच्या सुरुवातीला प्रतिमापूजक भिक्षूंना या राजाची आठवण कशी ठेवायची होती, त्याचा हा पुरावा आहे, आणि तसा तो चोख आहे.

ठामपणे म्हणता येईल असंही बरंच आहे. प्रतिमाभंजकांची स्वतःची बाजू एका ठिकाणी जवळजवळ सलग मिळते. ७५४ साली हिएरियाला भरलेल्या परिषदेचा (३३८ बिशप हजर होते) ठराव ७८७ च्या निकेआ परिषदेत खोडून काढण्यासाठी तुकड्या-तुकड्याने वाचला गेला, आणि त्या परिषदेच्या इतिवृत्तात तो तसाच टिकला. त्यातून त्यांचा खरा युक्तिवाद कळतो: ख्रिस्ताची प्रतिमा काढणारा एक तर त्याचं दैवी रूप मर्यादेत कोंडतो, नाही तर मानवी रूप दैवी रूपापासून तोडतो. थिओफानिस वाचून त्यांच्याकडे असा काही विचार होता याची शंकाही येणार नाही. तुमच्या लेखात हा ठराव थिओफानिसच्या आधी यायला हवा.

मग शिशाच्या मुद्रा आहेत. अधिकारी पत्रांना आपलं नाव आणि हुद्दा असलेली मुद्रा लावत. वॉशिंग्टनमधल्या डंबर्टन ओक्स संस्थेकडे अशा सुमारे १७,००० मुद्रा आहेत. इतिवृत्तात एखाद्याला अमुक प्रांताचा सेनापती म्हटलं असेल तर त्या हुद्द्याची, त्या काळाची मुद्रा आहे का ते बघता येतं. अडचण एवढीच की मुद्रेवर सहसा वर्ष नसतं. अक्षरवळण आणि नक्षीवरून वीस-तीस वर्षांच्या पट्ट्यात ठेवावी लागते आणि एका नावाचे दोन अधिकारी सहज निघतात. म्हणून मुद्रेने हुद्दा पक्का करा, तारीख नको. व्यक्ती शोधायला ६४१ ते १०२५ या काळाचा मोठा जर्मन व्यक्तिकोश आहे. प्रत्येक नोंदीत ते नाव कोणकोणत्या ग्रंथात येतं ते दिलेलं असतं, त्यामुळे पोथीशाळा म्हणतात ती शेजारी-शेजारी लावण्याची निम्मी मेहनत वाचते.

---

पोथीशाळा

मुद्रांकित यांच्या हिएरियाच्या मुद्द्याला एक पुरवणी. तो ठराव वाचताना कुठली ओळ ठरावाची आणि कुठली खंडनाची ते भाषांतरात नीट दाखवलेलं आहे का ते आधी पाहा. काही जुन्या भाषांतरांत दोन्ही एकाखाली एक वाहतात आणि खंडनातलं वाक्य ठरावाच्या नावावर खपतं.

आकडे जुळवताना आणखी एक सावधगिरी, तुमच्या काळातली नसली तरी सवयीची. १४५३ च्या वेढ्यात शहरात किती लढवय्ये होते यासाठी त्याच काळातला इतिहासकार स्फ्रान्झिस याचं नाव घेतलं जातं. त्याच्या नावावर दोन ग्रंथ आहेत. लहान ग्रंथ त्याचाच. मोठा ग्रंथ सोळाव्या शतकात मकारिओस मेलिसेनोसने फुगवून तयार केलेला. लहान ग्रंथात ४,७७३ ग्रीक आणि सुमारे २०० परके आहेत, मोठ्यात ४,९७३ आणि २,०००. एखाद्या पुस्तकात दुसरी जोडी दिसली तर लेखकाने कुठला ग्रंथ उघडला होता ते लगेच कळतं.

---

कालमापक

शोधयात्री, तळटिपा देताना थिओफानिसचा हवाला सृष्टिवर्ष आणि द बूरने काढलेल्या १८८३ च्या ग्रीक आवृत्तीतलं पान अशा जोडीने द्या. १९९७ च्या इंग्रजी भाषांतरात ही पानं समासात छापलेली आहेत, त्यामुळे कुठल्याही भाषेतला वाचक ती जागा काढू शकतो. भाषांतराचं पान एकट्याने देऊ नका. त्या भाषांतरात वर्षाच्या मथळ्याशेजारी कंसात इसवी सनही छापलेला असतो, पण तो नुसता मथळ्याचं रूपांतर आहे, घटनेची तारीख नव्हे. ६२२१ शेजारी तुम्हाला ७२८-२९ च दिसेल. दुरुस्ती तळटिपेत असते, ती वाचल्याशिवाय मथळ्यावरून सन उतरवू नका.

एखादा ग्रीक शब्द किंवा आकडा शंकास्पद वाटला तर द बूरच्या दुसऱ्या खंडात अनास्तासिओसचं (वरचा कुलगुरू नव्हे, नंतरचा रोममधला भाषांतरकार) लॅटिन भाषांतर आहे ते ताडून बघा. ते ८७० च्या दशकातलं, म्हणजे थिओफानिसनंतर जेमतेम साठ वर्षांनी केलेलं. आपल्याकडच्या बहुतेक ग्रीक हस्तलिखितांपेक्षा ते जुनं रूप दाखवतं. लॅटिनमध्ये आकडा वेगळा असेल तर दोन्ही आकडे टिपेत द्या आणि इंडिक्शन-वार लावून कुठला बसतो ते तिथेच लिहा. जलवाहिनीच्या नोंदीला मात्र वार नाही. ६२५८ च्या मथळ्यावरून ७६५-६६ येतं, एका वर्षाचा फरक धरला तर ७६६-६७. तिथे '७६६ किंवा ७६७' असंच राहू द्या.